गल्ली चाळीस मिनिटं पुढे

सोमवार, ३ मार्च

आजपासून रोजनिशी. फक्त स्वतःसाठी. दोन नियम: खरं लिहायचं आणि रोज लिहायचं.

काळदुरुस्ती खात्यात आयुष्य गेलं, आज पहिल्यांदा स्वतंत्र गल्ली मिळाली. अकरा घरं आणि एक बेकरी. एका टोकाला लोखंडी फाटक, दुसरं टोक भिंतीने बंद. दोष असा, की गल्लीतली वेळ चाळीस मिनिटं पुढे गेली आहे. फाटकाबाहेर चार वाजलेले असतात तेव्हा आत चार चाळीस. बाहेर लख्ख ऊन, आणि आत पाऊल टाकलं की सावल्या एकदम लांब. राहणाऱ्यांचे हाल. कामाला निघावं तर बसचा पत्ता नाही, दवाखान्यात जावं तर कुलूप. सगळ्यांच्या आधी यांना भूक लागते, सगळ्यांच्या आधी झोप येते.

एकतीस मार्चपर्यंत मुदत. तोवर दुरुस्ती झाली नाही तर नियमाप्रमाणे गल्ली रिकामी करून फाटकाला सील, आणि माणसांना शहराबाहेरच्या इमारतीत एकेक खोली. मोठ्या साहेबांनी विचारलं, जमेल ना? मी म्हणालो, एका बैठकीत.

पद्धत सोपी आहे. तिला स्थिर बैठक म्हणतात. जेवढी मिनिटं जास्त, तेवढा वेळ गल्लीतल्या सगळ्यांनी काहीही न करता बसून राहायचं. न वापरलेली मिनिटं आपोआप परत जातात. श्वास आणि पापण्या माफ. बाकी हात हलला, तोंड उघडलं, कोणी उठलं, की मिनिट वापरलं गेलं. एकाने वापरलं की सगळ्यांचं फुकट. मापकयंत्राचा हिरवा दिवा लाल होतो. संपलं.

यात अवघड काय? माणसांना काही करू नका म्हणून सांगायचं. आमच्या ऑफिसात तर ते सांगावंही लागत नाही.

बायकोला फोन केला. म्हटलं, या खेपेला ग्रेड वन आणि हेड ऑफिस पक्कं, जूनपासून तुम्ही दोघी इकडे, आपण तिघं एका घरात. ती "बरं" म्हणाली. आनंद पोटात ठेवायची तिची जुनी सवय.

गुरुवार, ६ मार्च

मंगळवार-बुधवार लिहिलं नाही. विचार चालू होता.

आज गल्लीची पाहणी. माणसं साधी, पण शिस्त नाही. तिघांशी ओळख झाली. एक रिटायर्ड मास्तर, भूगोल शिकवायचे. खिडकीत बसलेले असतात आणि कोणी काही विचारायच्या आत उत्तर देतात. दुसऱ्या टेलरबाई, दारातच मशीन. सोबत सासू, ठार बहिरी, हिला सगळे आजी म्हणतात. तिसरा बेकरीवाला. बोलायला फटकळ. म्हणाला, "साहेब, भट्टी एकदा विझवली की पुन्हा तापायला अर्धा दिवस जातो. बैठक एकदाच घ्या आणि नीट घ्या."

मी म्हणालो, मी एकदाच घेतो.

शनिवार, ८ मार्च

पहिली बैठक. सगळे आपापल्या दारात खुर्च्या टाकून बसले. मी शिट्टी वाजवली. दिवा हिरवा. मी एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत देखरेख करत फिरत होतो. बूट नवे आहेत, जरा वाजतात. एक गृहस्थ वाकडे बसले होते, त्यांना हाताने सरळ केलं.

दिवा लाल.

कारण शोधायला वेळ लागला नाही. बेकरीवाल्याच्या नाकावर माशी बसली होती. तो शपथेवर सांगतो की हललो नाही. पण नाकावर माशी बसलेला माणूस हलत नाही हे कोणाला पटेल? रिपोर्टात लिहिलं: माशी.

टेलरबाई मध्येच म्हणाल्या, "साहेब, तुम्हीपण बसा की." बाई अगत्यशील आहेत. मी म्हटलं, आभारी आहे, ड्युटीवर असताना मी बसत नाही.

बुधवार, १२ मार्च

हेड ऑफिसला मीटिंग. तिथे तो भेटला. माझ्याच बॅचचा, पण सगळं खातं त्याला लोणी म्हणतं, इतका तो साहेबांना लावतो. लोणीने या वर्षात तीन गल्ल्या दुरुस्त केल्या. प्रत्येक एका बैठकीत. मी सहज विचारलं, तू नक्की काय करतोस? म्हणाला, "काही नाही रे. जातो, त्यांच्यातच सतरंजीवर बसतो. माझा तर कधीकधी डोळाच लागतो."

याला म्हणतात ओठांत एक आणि पोटात एक. खरी युक्ती सांगेल तो लोणी कसला! आणि समजा खरं असलं, तर अधिकाऱ्याने लोकांत बसून घोरावं हे शोभतं का? वरपर्यंत जायला हवी ही गोष्ट. पण मी चहाडखोर नाही. मोठ्या साहेबांच्या कानावर फक्त ओझरतं घातलं. साहेब म्हणाले, "तुमच्या गल्लीचं काय?"

शनिवार, १५ मार्च

दुसरी बैठक. या वेळी माझी तयारी जय्यत होती. लोकांचा धीर सुटू नये म्हणून उरलेली मिनिटं मोठ्याने सांगायचं ठरवलं. पण पहिल्याच आकड्याला दिवा लाल झाला. म्हटलं, यंत्र तापलं असेल. पुन्हा पहिल्यापासून. या वेळी आकडे नाहीत. कोपऱ्यात उभा राहिलो, पुतळ्यासारखा. वेळ सरत गेली. गल्ली अशी झाली होती की चित्र काढावं. बेकरीवाला डोळे मिटून, टेलरबाईंचे हात मांडीवर, मास्तर खिडकीत. माझ्या अंगावर काटा आला. दोन मिनिटं उरली. दोनच! राहवलं नाही. "शाब्बास!" म्हणालो.

आजी म्हणाली, "काय म्हणतोय हा?"

दिवा लाल.

अख्खी गल्ली माझ्याकडे बघत होती. मीही मग आजीकडे बघितलं. बहिऱ्या माणसाला नेमकं नको ते कसं ऐकू येतं हे एक कोडं आहे. रिपोर्टात लिहिलं: आजी.

बेकरीवाल्याचं मळून ठेवलेलं पीठ दोनदा भट्टी विझवण्यात आंबून गेलं. त्याने ते टोपलीसकट माझ्यासमोर आणून ठेवलं. मी म्हटलं, सार्वजनिक कामात थोडी झळ सोसावी लागते. तर म्हणाला, "सोसतोय की. कधीपासून सोसतोय."

रविवार, १६ मार्च

मुलीचा फोन. एकोणतीसला शाळेत नाटक आहे, ती न्यायाधीश झाली आहे. "बाबा, तुम्ही येणार ना? मागच्या वेळी नाही आलात." मागच्या वेळी ती झाड होती. झाडासाठी रजा मिळत नाही. म्हटलं, न्यायाधीशासाठी नक्की येणार. तोवर गल्ली दुरुस्त होऊन सत्कारसुद्धा झालेला असेल.

संकल्प: १) कडक राहायचं. २) कोणाचं अगत्य स्वीकारायचं नाही. ३) शाब्बास म्हणायचं नाही.

गुरुवार, २० मार्च

तिसरी बैठक. वरून सगळ्यांवर एकदम नजर ठेवता यावी म्हणून टेलरबाईंच्या कापड कापायच्या टेबलावर उभा राहिलो. टेबल मोडलं. डावा पाय मुरगळला. टेबलं कशी बनवतात हल्ली!

पडताना मी एक अक्षर काढलं नाही, तरी दिवा लाल झाला. म्हणजे लोक हसले असणार. मास्तर म्हणतात, कोणी हसलं नाही. टेलरबाई तर रडत होत्या. ते टेबल त्यांच्या नवऱ्याने केलेलं होतं आणि नवरा आता नाही, असं नंतर कळलं. आधी सांगायला हवं होतं. मी टेबल दुरुस्त करून द्यायचं ठरवलं आहे. खात्याचा सुतार एप्रिलमध्ये येतो.

रिपोर्टात लिहिलं: फर्निचर.

शनिवार, २२ मार्च

संध्याकाळी मास्तर माझ्या खोलीवर आले. जिना चढून दमले होते, तरी बसायच्या आधीच मुद्द्यावर. म्हणाले, "नियमात लिहिलंय, गल्लीतला प्रत्येक इसम. माझा साधा प्रश्न आहे. अधिकारी इसमांत येतो का?"

मी हसलो. म्हटलं, मास्तर, इसम म्हणजे जनता. अधिकारी इसम नसतो.

त्यांनी माझ्या मुरगळलेल्या पायाकडे बघितलं. मग म्हणाले, "मला त्या इमारतीत जायचं नाही हो. माझी बायको होती तेव्हा आम्ही दोघं त्या खिडकीत बसायचो. आता मी एकटा बसतो, पण खिडकी तीच आहे. आजी तर इथून हलली तर जगायची नाही. बेकरी बापाची, आज्याची. तुम्ही एकदा, फक्त एकदा, आमच्याबरोबर बसून बघा."

म्हातारपणी माणूस हळवा होतो. मी त्यांना धीर दिला. म्हटलं, मी असताना चिंता करू नका. तेव्हा त्यांनी डोळे मिटले. पाणी हवं का विचारलं तर नको म्हणाले आणि गेले.

मनाला लागलं पण. माणसांसाठी काहीतरी करायला हवं. उद्यापासून दुप्पट फिरायचं.

गुरुवार, २७ मार्च

चौथी बैठक. पुरावा हाती असावा म्हणून बैठक चालू असतानाच लिहीत आहे. दिवा हिरवा. सगळे स्तब्ध. पाय दुखतो, म्हणून मी भिंतीला टेकून उभ्याउभ्या लिहितो आहे. टेलरबाई माझ्या पेनाकडे बघत आहेत. आता मास्तरही पेनाकडे बघत आहेत. पेन चांगलंच आहे, सासऱ्यांनी दिलेलं. बेकरीवाला डोळे वटारून

लाल.

नंतर. बेकरीवाला खुर्चीवरून उठला आणि ओरडला, "अहो साहेब, तुम्ही हलताय! तुम्ही!" मी त्याला आवाज खाली घ्यायला सांगितलं. म्हटलं, नाचता येईना अंगण वाकडं. हे ऐकून तो तडक आत गेला. पटलं असावं.

यंत्र तपासायला पाठवलं. यंत्र ठीक आहे म्हणे. तपासणारे ठीक आहेत का, हे कोण तपासणार?

शुक्रवार, २८ मार्च

उद्या नाटक, परवा रविवार, आणि सोमवारी मुदत संपते. म्हणजे शेवटची बैठक उद्याच. खूप विचार केला. मोठ्या कामासाठी छोट्या गोष्टी सोडाव्या लागतात.

बायकोला सांगितलं, मुलीला जरा समजावून सांग. ती म्हणाली, "तुम्हीच सांगा. मी दर वेळी सांगते." तिने मुलीला फोन दिला, मी सांगितलं. "ठीक आहे बाबा," म्हणाली. समजूतदार आहे. आवाजावरून सर्दी झालेली वाटली.

शनिवार, २९ मार्च

सकाळी गल्लीवर गेलो तर फाटक बंद! आतून कुलूप. हाका मारल्या. शिट्टी वाजवली. दगडाने फाटक वाजवलं. आत कोणी दिसेना. सगळ्यांची दारं बंद, बेकरीचा धूर नाही. टेलरबाईंचं मशीन चालू असलं की कोपऱ्यापर्यंत ऐकू येतं, तेही नाही.

काय समजायचं? ऐन परीक्षेच्या दिवशी सगळे सहलीला गेले? ज्यांच्यासाठी मी रक्ताचं पाणी केलं, टेबलावरून पडलो, पोरीचं नाटक सोडलं, ते मला फाटकाबाहेर उन्हात उभं करून गेले! मी फाटकातून सगळी भाषणं केली. नियम वाचून दाखवले. शेवटी घसा बसला. समोरचा पानवाला म्हणाला, साहेब, सावलीत या. मी गेलो नाही. मग गेलो.

स्टेशनवर धावलो. म्हटलं निदान नाटकाचा शेवट तरी मिळेल. गाडी डोळ्यांसमोर सुटली.

बायकोने फोटो पाठवला. काळा झगा, हातात हातोडा. फोटो हलला आहे.

रविवार, ३० मार्च

काही लिहिण्यासारखं नाही. पाय सुजला आहे.

सोमवार, ३१ मार्च

गल्ली दुरुस्त!

हेड ऑफिसचे मोजणीवाले सील घेऊनच आले होते. आत शिरले आणि घड्याळं लावली, तर फरक शून्य. बाहेर चार, आत चार. सावल्या जुळल्या. त्यांनी दोनदा मोजलं आणि सील पिशवीत परत टाकलं. बेकरीवाल्याने सगळ्यांना गरम ब्रेड वाटले. आजीने एका मोजणीवाल्याच्या गालावरून हात फिरवला.

माझ्या चार बैठकांचा साचलेला परिणाम एकदम दिसला, हे उघड आहे. औषधाचंही असंच असतं. रिपोर्टात तसं लिहिलं. लोणीचा चेहरा बघायला हवा होता.

बायकोला फोन केला. उचलला नाही. कामात असेल.

शुक्रवार, ४ एप्रिल

गल्लीकडून चार शब्दांचं प्रशस्तिपत्र मिळावं म्हणून मास्तरांकडे गेलो. त्यांनी खिडकीत मला खुर्ची दिली, स्वतः स्टुलावर बसले. चहा दिला. मग म्हणाले, "साहेब, तुम्हाला दुसऱ्या कोणाकडून कळण्यापेक्षा माझ्याकडून कळलेलं बरं."

शनिवारी ते सहलीला गेलेच नव्हते. फाटक मास्तरांनीच लावलं होतं. कुलूप बेकरीवाल्याचं. सगळे आत, आपापल्या खोलीत, दिवे बंद करून बसले होते. मी बाहेर ओरडत होतो तेव्हाच बैठक चालू होती. पहिल्याच प्रयत्नात पूर्ण झाली. "तुम्ही फाटक वाजवत होतात ना, त्यामुळे पोरंसुद्धा हलली नाहीत. भिऊन बसली होती."

मी म्हटलं, म्हणजे माझी मदत झालीच.

मास्तर म्हणाले, "झाली. पण बाहेरून झाली." मग माझ्या खांद्यावर हात ठेवला. "तुम्ही माणूस वाईट नाही. पण तुम्ही आलात की आमच्या हातून काही न करणं होत नाही."

चहा चांगला होता. प्रशस्तिपत्र राहिलं.

बुधवार, ९ एप्रिल

ऑर्डर आली. मास्तरांनी मोठ्या साहेबांना सगळी हकीगत कळवली होती. शिक्षा होऊ नये म्हणून माझी बाजूही मांडली होती म्हणे. खात्याने त्यावर नवीन पद निर्माण केलं आहे: बाह्य उपस्थिती अधिकारी. काम असं, की बैठक चालू असताना फाटकाबाहेर उभं राहायचं. आत जायचं नाही. ग्रेड आहे तीच. हेड ऑफिस नाही.

पण नीट विचार केला तर अख्ख्या खात्यात असं पद एकट्या माझंच. लोणी तीन गल्ल्यांत नुसता झोपला, माझ्यावरून पद्धत पडली.

बायकोला हे सगळं सांगितलं. तिने विचारलं, "म्हणजे तुम्ही बाहेर उभे राहणार?" हो म्हटलं. मग जूनचा विषय काढला. ती म्हणाली, मुलीची पुढची अ‍ॅडमिशन तिथेच घेतली, फेब्रुवारीतच घेतली होती. मला सांगितलं कसं नाही? म्हणे, "तुम्ही इतके खुशीत होतात."

सोमवार, १४ एप्रिल

नवीन गल्ली. शहराच्या दुसऱ्या टोकाला. फाटक उंच आणि पत्र्याचं, त्यामुळे आतलं काही दिसत नाही. फाटकाला बाहेरून कुलूप. पद्धत लोकांनी चांगली उचललेली दिसते. दिवसभर उभा राहिलो. आतून चकार शब्द नाही.

बुधवार, १६ एप्रिल

शांतता उत्कृष्ट. तीन दिवसांत कोणी शिंकलेलंसुद्धा नाही. मागच्या गल्लीला ही शिस्त असती तर! उगाच फाटक वाजवून बघितलं, दोनदा शिट्टीही मारली. कोणी दाद दिली नाही. याला म्हणतात बैठक. साहेबांना सविस्तर रिपोर्ट पाठवला.

ऊन फार आहे. छत्रीसाठी अर्ज करावा का? नको. अधिकारी छत्रीत बरा दिसत नाही.

शुक्रवार, १८ एप्रिल

आज छत्री आणली.

शनिवार, १९ एप्रिल

दुपारी पोस्टमन सायकलवरून आला. मी ओठांवर बोट ठेवून त्याला थांबवलं. दबक्या आवाजात म्हटलं, घंटी वाजवू नका, आत बैठक चालू आहे. तो उतरला. माझ्याकडे, फाटकाकडे, पुन्हा माझ्याकडे बघितलं. म्हणाला, "आत कोण बसलंय? इथं कोणी राहत नाही. गेल्या वर्षीच तुमच्या खात्याने रिकामी केली ही गल्ली. कुलपावर सील आहे, बघा ना."

सील होतं. धुळीखाली. मी त्याला विचारलं, मग आत एवढी शांतता कशी?

त्याने पाण्याची बाटली पुढे केली. मी प्यालो. तो मी पिऊन होईपर्यंत थांबला, मग गेला.

ऑफिसला फोन लावला. क्लार्कला सांगितलं, ऑर्डरमध्ये गल्लीचा नंबर चुकला आहे, तिथे माणसंच नाहीत. तो म्हणाला, थांबा, साहेबांना विचारतो. फोन बाजूला ठेवल्याचा आवाज आला. कोणीतरी हसलं, कशावर ते कळलं नाही. मग क्लार्क परत आला. म्हणाला, नंबर बरोबर आहे. साहेब म्हणाले, राहू द्या तिथेच.

उद्या रविवार आहे. उद्याही उभं राहायचं का, ते विचारायचं राहून गेलं.